अकरा मिनिटे गप्प बसा!



विज्ञानविषयक चित्रपट म्हटला की तुमच्या डोळ्यांपुढे, किंवा खरे म्हणजे कानांपुढे, काय येते? एक भारदस्त आवाज! पडद्यावर ज्वालामुखी दिसायच्या आतच तो सांगू लागतो, "हा पाहा ज्वालामुखी. याच्या पोटात तप्त शिलारस खदखदत आहे." तुम्ही पाहता, ऐकता, मान डोलावता. चित्रपट संपतो. दुसऱ्या दिवशी विचारले तर त्या आवाजाची चार वाक्ये तुम्हांला आठवतात. डोंगराचा रंग कोणता होता, धूर कोणत्या दिशेला चालला होता, हे मात्र शंभरातले पाचही सांगू शकत नाहीत. दोष तुमचा नाही. पाहायला सवडच दिलेली नसते.

आज मला तुम्हांला असा एक लघुपट सुचवायचा आहे की ज्यात हा आवाज नाही. व्हित्तोरिओ दे सेता (१९२३–२०११) या इटालियन दिग्दर्शकाने १९५४ साली तो चित्रित केला. 'इझोले दी फुओको' म्हणजे 'अग्नीची बेटे' हे त्याचे नाव. लांबी अवघी अकरा मिनिटे. १९५५ साली फ्रान्समधील कान येथील चित्रपट महोत्सवात त्याला अनुबोधपटाचे पारितोषिक मिळाले. माझे मत असे की, तो प्रत्येक माध्यमिक शाळेत विज्ञानाच्या तासाला दाखवावा, आणि तो चालू असताना शिक्षकाने तोंडातून एक अक्षर काढू नये. यांतला पहिला भाग सोपा आहे. दुसरा किती कठीण आहे ते मी अनुभवाने सांगतो.

सिसिली बेटाच्या उत्तरेला समुद्रात सात बेटांचा एक पुंजका आहे. त्यांना एओलियन बेटे म्हणतात. त्यांतले अगदी ईशान्येकडचे बेट म्हणजे स्ट्रॉम्बोली. बेट कसले, पाण्यातून वर आलेला ज्वालामुखीचा माथाच तो! समुद्रसपाटीपासून त्याची उंची ९२४ मीटर, पण पाण्याखाली तो आणखी सुमारे दोन हजार मीटर खोल गेलेला आहे. सगळ्या बेटाचे क्षेत्रफळ तेरा चौरस किलोमीटरही भरत नाही. त्यावर ईशान्येला एक गाव आणि नैर्ऋत्येला जिनोस्त्रा नावाची लहानशी वाडी. एकीकडून दुसरीकडे जायला गाडीरस्ता नाही, होडीने वळसा घालून जायचे. आणि डोक्यावर जो डोंगर आहे तो दर दहा-वीस मिनिटांनी एकदा धडाडतो आणि पेटत्या लाव्ह्याचे गोळे उंच उडवतो. निदान हजार वर्षांहून अधिक काळ हे जवळजवळ अखंड चालू आहे. रात्री समुद्रातून हा उजेड दूरवर दिसतो, म्हणून खलाशांनी त्याला 'भूमध्य समुद्राचे दीपगृह' असे नाव दिले. ज्यूल व्हर्नच्या पृथ्वीच्या पोटात शिरणाऱ्या मंडळींची गोष्ट तुमच्यापैकी कित्येकांनी वाचली असेल. आइसलँडच्या ज्वालामुखीतून आत गेलेली ती मंडळी शेवटी बाहेर फेकली जातात ती याच स्ट्रॉम्बोलीतून. (ती जिवंत कशी राहिली हे व्हर्नला विचारायचे नसते.)

दे सेता तिथे कॅमेरा आणि ध्वनिमुद्रक घेऊन गेले. त्या काळी इटलीत दहा-दहा मिनिटांचे अनुबोधपट पुष्कळ निघत आणि त्यांवर निवेदकाची पल्लेदार भाषणे चढवलेली असत. दे सेतांनी ते सगळे काढून टाकले. लाटांचा, वाऱ्याचा, माणसांच्या हाकांचा, डोंगराचा आवाज त्यांनी जागेवर मुद्रित केला आणि तोच चित्रांना जोडला. कोळी समुद्रावर आहेत. वारा सुटतो. समुद्र खवळू लागतो. होड्या ओढून वर घेतल्या जातात. दारे लागतात. रात्र होते आणि डोंगराच्या माथ्यावर आग उसळते. मग उजाडते, समुद्र निवतो, माणसे पुन्हा कामाला लागतात. झाले, संपले. कोकणातल्या मुलांना होड्या वर ओढण्याचे दृश्य परके वाटणार नाही. माणसे भाषेने परकी असली तरी दोराला लावलेले हात ओळखीचे वाटतात.

मी हा लघुपट नववीच्या वर्गाला पहिल्यांदा दाखवला तेव्हा काय केले सांगू? पहिल्या मिनिटालाच मी बोलू लागलो. "हा धूर पाहा, यात मुख्यतः पाण्याची वाफ असते. हा दगड पाहा, हा बेसॉल्टच्या कुळातला." दे सेतांनी एवढ्या कष्टाने हाकलून दिलेला निवेदक मी शाळेच्या मागच्या दाराने परत आत आणला! नंतर वह्या तपासल्या, तर पस्तीस वह्यांत माझीच वाक्ये. दुसऱ्या वर्षी मी खिडकीपाशी स्टूल घेऊन बसलो आणि तोंडाला कुलूप लावले. मुलांना एवढेच सांगितले होते की, वहीच्या डाव्या पानावर जे दिसले किंवा ऐकू आले तेवढेच लिहा, आणि उजव्या पानावर तुम्हांला जे वाटले ते. या खेपेला वह्यांत माझे एकही वाक्य नव्हते. प्रश्न होते, आणि ते माझ्या प्रश्नांपेक्षा चांगले होते.

एका मुलाने उजव्या पानावर लिहिले होते, "वारा सुटला म्हणून डोंगर पेटला." आता हे चित्रपटात कोणी सांगितले? कोणीच नाही. पण आधी वारा दाखवला, मग आग दाखवली, आणि मनाने आपोआप मध्ये 'म्हणून' घातला. ही संकलनाची करामत आहे. शब्द नसले तरी चित्रपट बोलतोच. दोन दृश्ये एकापुढे एक ठेवली की त्यांच्या मध्ये एक न उच्चारलेले वाक्य तयार होते. ते वाक्य खरे की खोटे हे तपासणे आपले काम. या बाबतीत ते खोटे आहे. स्ट्रॉम्बोलीचे नेहमीचे स्फोट वारा असो नसो, दिवसरात्र चालूच असतात. दिवसा आग उन्हात फिकी दिसते, रात्री ती डोळ्यांत भरते, एवढाच फरक. एकापाठोपाठ एक घडले म्हणजे एकामुळे दुसरे घडले, ही चूक मोठमोठ्यांच्या हातून होते. ती अकरा मिनिटांत, कोणाचाही पाणउतारा न होता, वर्गात पकडता आली, याचा मला फार आनंद झाला.

गंमत म्हणजे वारा आणि स्ट्रॉम्बोली यांचा संबंध फार जुना आहे, फक्त उलट बाजूने. रोमन ग्रंथकार थोरला प्लिनी याने लिहून ठेवले आहे की, या बेटावरचे लोक डोंगराच्या धुरावरून तीन दिवस आधी कोणता वारा वाहणार ते सांगतात. या बेटांना एओलियन हे नाव ज्याच्यावरून पडले तो ग्रीक कथांतला एओलस म्हणजे वाऱ्यांचा अधिपतीच. तीन दिवस जरा जास्तच झाले. पण मूळ गोष्ट टाकाऊ नाही. हवा दमट आणि गार असली की वाफेचे थेंब अधिक बनतात आणि धूर दाट दिसतो. शिवाय डोंगरमाथ्यावरचा वारा धुराला कुठे नेतो ते खालच्या माणसाला आयतेच दिसते. म्हणजे ज्याला आपण संकट म्हणतो ते त्या कोळ्यांचे हवामानदर्शक यंत्रही होते! (हाच प्लिनी पुढे इ. स. ७९ मध्ये व्हेसुव्हियसच्या उद्रेकात मरण पावला. संकटात सापडलेल्या लोकांकडे तो जहाजे घेऊन गेला होता.)

मग डोंगर धडाडतो तो कशामुळे? याचे उत्तर तुम्ही घरी पाहू शकता. एका उंच, अरुंद पेल्यात काकवी घ्या. त्यात तळापर्यंत नळी घालून हळूच फुंका. एक मोठा बुडबुडा सावकाश वर चढतो, पृष्ठभागाला फुगवटा येतो, तो फुटतो आणि चार शिंतोडे उडतात. आता हेच पाण्यात करा. बुडबुडे लहान, चटकन वर येणारे, शिंतोडे किरकोळ. स्ट्रॉम्बोलीच्या नळीत सुमारे अकराशे अंश सेल्सियस तापमानाचा शिलारस आहे. त्यात विरघळलेली पाण्याची वाफ, कार्बन डायॉक्साइड आणि सल्फर डायॉक्साइड हे वायू, वर येताना दाब कमी झाला की सुटे होतात. लहान बुडबुडे एकमेकांत मिसळून मोठे होतात, कधी सबंध नळी व्यापतील एवढे. असा एक बुडबुडा माथ्याशी येऊन फुटला की धडाका आणि आग. हा शिलारस इतर कित्येक ज्वालामुखींच्या मानाने पातळ आहे, म्हणून वायूला वाट मिळत राहते. जिथे तो फार चिकट असतो तिथे वायू कोंडून राहतात आणि एकदम भयंकर स्फोट होतो. जगात कुठेही असे लहान-लहान, ठरावीक अंतराने होणारे स्फोट दिसले की शास्त्रज्ञ त्यांना 'स्ट्रॉम्बोलीय' म्हणतात. आपल्या अंदमान समुद्रातील बॅरन बेटावर १९९१ नंतर जे उद्रेक झाले त्यांत या प्रकारचेही आहेत. तिथे माणसे मात्र राहत नाहीत. (काकवीचा प्रयोग अंगणात करा. स्वयंपाकघरात केलात तर पुढच्या उद्रेकाला मी जबाबदार नाही.)

पस्तीसपैकी वीसेक वह्यांत एकच प्रश्न होता, "ही माणसे पळून का जात नाहीत?"

हा प्रश्न विचारताना मुलांच्या आवाजात थोडी कीव होती, आणि तिच्याविषयी मला बोलायचे आहे. आपण असे धरून चालतो की, डोंगराखाली राहणारी माणसे एक तर अडाणी असतात नाही तर दैववादी. प्रत्यक्षात त्यांनी हिशेब केलेला असतो. समुद्रात मासे आहेत, राखेची माती द्राक्षवेलींना मानवते, घर आहे. पलीकडे रोज धडाडणारा पण रोज इजा न करणारा डोंगर आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस या चिमुकल्या बेटावर सुमारे अडीच हजार माणसे राहत होती. आज कायमची वस्ती काही शेकड्यांतच आहे. एवढे लोक कोणी घालवले? ज्वालामुखीने, असे तुम्ही म्हणाल. १९३० साली ११ सप्टेंबरला खरोखरच भयंकर उद्रेक झाला, माणसे दगावली, आणि पुष्कळ कुटुंबे निघून गेली. पण जाण्याची सुरुवात त्याच्या कितीतरी आधी झाली होती. शिडाच्या जहाजांची जागा आगबोटींनी घेतली आणि बेटावरच्या खलाशांचा धंदा बसला. त्यातच द्राक्षवेलींच्या मुळांवर फिलॉक्सेरा नावाची कीड पडली. ही कीड माव्याच्या जातीची, डोळ्यांना जेमतेम दिसेल एवढी. तिने मळे खलास केले आणि लोक अमेरिकेची, ऑस्ट्रेलियाची वाट धरू लागले. जो डोंगर हजार वर्षे धडाडून लोकांना हलवू शकला नाही, त्यांना एका किड्याने हलवले! निसर्गाचे सामर्थ्य म्हटले की आपण आकाशाकडे पाहतो, पण कधी कधी मुळाशी पाहावे लागते. हे दे सेतांच्या चित्रपटात नाही. त्यातली माणसे ही मागे राहिलेली माणसे आहेत, हे मात्र ठाऊक असले म्हणजे तो चित्रपट निराळा दिसतो.

पण हिशेब केलेला असतो म्हणजे तो बरोबरच असतो असेही नाही. "डोंगर थोडे-थोडे ओकतो, त्यामुळे आतला जोर मोकळा होतो, मोठा धोका नाही," असे अनेकांना वाटते. हे अर्धेच खरे. नेहमीच्या स्फोटांचा शिलारस वरच्या नळीतला असतो. अधूनमधून खोलवरून, वायूने भरलेला वेगळाच शिलारस झपाट्याने वर येतो आणि तेव्हा रोजच्या धडाक्याची सवय उपयोगी पडत नाही. ३० डिसेंबर २००२ रोजी तर धोका तिसऱ्याच बाजूने आला. डोंगराच्या वायव्य उतारावर, जिथून पेटते दगड समुद्रात गडगडत जातात, तिथे मोठे भूस्खलन झाले आणि सुमारे दहा मीटर उंचीपर्यंत चढलेल्या लाटांनी किनाऱ्यावरची घरे फोडली. हिवाळा होता, पर्यटक नव्हते, म्हणून कोणी दगावले नाही. उन्हाळ्यात तोच किनारा आंघोळ करणाऱ्यांनी भरलेला असतो. ३ जुलै २०१९ रोजी एकाएकी झालेल्या मोठ्या स्फोटात एक गिर्यारोहक मृत्युमुखी पडला. आज तिथे डोंगराच्या अंगावर आणि समुद्रात मापकयंत्रे आहेत, भोंगे आहेत. मोठ्या स्फोटाच्या आधी काही मिनिटे जमीन किंचित फुगते, ते यंत्रांना कळते. काही मिनिटे म्हणजे थोडी नव्हेत. किनाऱ्यावरून वर पळायला ती पुरतात. अट एवढीच की, भोंगा वाजल्यावर कोणत्या वाटेने पळायचे ते आधी ठाऊक हवे.

आणि कीव करणाऱ्यांना आणखी एक विचारायचे आहे. ३० जुलै २०१४ रोजी पुणे जिल्ह्यातील माळीण गावावर डोंगर कोसळला आणि दीडशेहून अधिक माणसे गाडली गेली. १९ जुलै २०२३ च्या रात्री रायगड जिल्ह्यात इरशाळवाडीवर दरड आली. "ती माणसे पळून का गेली नाहीत?" असे आपण त्या वेळी विचारले का? आपला सह्याद्री सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी वाहिलेल्या लाव्ह्याच्याच थरांचा आहे. तो आता थंड आहे, पण उतार उतारच असतो, आणि त्यावर झिजलेली माती आणि आषाढाचा पाऊस असतो. तुमच्यापैकी काही जण हा अंक अशाच एखाद्या उताराखालच्या घरात वाचत असतील. तुमच्या आजोबांनीही हिशेब केलेला आहे. तो त्यांना विचारा, लिहून घ्या. गावाच्या वरच्या अंगाला नवी भेग पडली आहे का, झऱ्याचे पाणी एकाएकी गढूळ झाले आहे का, झाडे कलली आहेत का, याकडे लक्ष कोण ठेवते तेही विचारा.

शिक्षक बंधुभगिनींनो, तुमचा आक्षेप मला ठाऊक आहे. "माहिती न देता चित्रपट दाखवला तर मुले भलतेच शिकतील." शिकतात. 'वारा सुटला म्हणून डोंगर पेटला' हे भलतेच होते. पण ते वहीत उतरले म्हणूनच दुरुस्त करता आले. मी आधीच बोललो असतो तर ते त्या मुलाच्या डोक्यात सुखाने राहिले असते आणि वर माझे बरोबर वाक्य चिकटलेले असते. माहिती जरूर द्यावी, भरपूर द्यावी. पण अकरा मिनिटे संपल्यावर. दुसरा आक्षेप वेळेचा. दोनदा चित्रपट पाहणे म्हणजे बावीस मिनिटे, उरलेल्या तासात वह्यांवर चर्चा होते. आठवड्यातला एक तास एवढे सोसू शकतो.

चित्रपटाच्या मोहाविषयीही एक गोष्ट सांगितली पाहिजे, कारण ती याच बेटावर घडली. २५ मे २०२२ रोजी स्ट्रॉम्बोलीवर एका दूरचित्रवाणी मालिकेचे चित्रीकरण चालू असताना लावलेली आग वाऱ्याने पसरली आणि डोंगराच्या अंगावरचे रान जळून गेले. मालिका कशावर होती? आपत्तीच्या वेळी लोकांना वाचवणाऱ्यांवर! मुळे जळाली, माती सुटी झाली, आणि त्याच वर्षी ऑगस्टच्या मुसळधार पावसात चिखलाचे लोंढे गावात घुसले. दे सेता तिथे गेले तेव्हा डोंगर जे करीत होता आणि माणसे जी करीत होती तेवढेच त्यांनी टिपले. निवेदन काढून टाकण्यामागे मला तीच वृत्ती दिसते.

राहिला एक प्रश्न. तो मागच्या बाकावरच्या एका मुलीचा. तिच्या डाव्या पानावर फक्त 'धड्ड' असे चार वेळा लिहिले होते आणि उजव्या पानावर, "हा आवाज डोंगराचा की ढगांचा? कसे ओळखायचे?" मी फळ्यावर हिशेब मांडला. गावापासून विवर साधारण दोन-सव्वादोन किलोमीटरवर. आवाज सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो. म्हणजे आग दिसल्यापासून सहा-सात सेकंदांनी जो धडाका ऐकू येईल तो डोंगराचा. मी खडू ठेवला तोच ती म्हणाली, "पण सर, चित्रपटात आवाज मागाहून जोडलेला असतो, असं तुम्हीच सांगितलंत. मग तिथे सहा सेकंद ठेवले असतील का?"

तास संपायला चौदा मिनिटे होती. आम्ही लघुपट तिसऱ्यांदा लावला. या वेळी पस्तीस मुले ओठांतल्या ओठांत अंक मोजीत होती.